बालनट ते कॅमेऱ्यामागचा चित्रकार : जॅक कार्डिफ

पाणवठा

लहानपणी पडद्यावर दिसलेली मुलं मोठेपणी काय करतात, हा विषय निघाला की आपल्याकडे सचिन आणि महेश कोठारे ही दोन नावं हमखास येतात. दोघेही दिग्दर्शनाकडे वळले. कॅमेऱ्यामागे उभा राहून आयुष्यभर प्रकाशाचं काम करणारा बालनट मात्र विरळा. म्हणून जॅक कार्डिफबद्दल लिहायचं फार दिवस मनात होतं.

जन्म १९१४, इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरच्या ग्रेट यारमथ गावी. आईवडील म्युझिक हॉलचे कलावंत. गाणी, नाच, नकला, विनोदी प्रवेश असा सगळा मसाला घेऊन ही मंडळी गावोगाव हिंडायची. मुलगाही सोबत. मुक्काम बदलला की शाळा बदलायची, त्यामुळे शिक्षण म्हणावं तसं झालंच नाही. चौथ्या वर्षी, १९१८ साली, 'माय सन, माय सन' या मूकपटात तो पहिल्यांदा पडद्यावर आला. 'बिलीज रोझ' (१९२२) आणि आणखी काही मूकपटांत छोटी-मोठी कामं केली. पुढे वय वाढलं आणि बोलपटही आले. १९२९ च्या 'द इन्फॉर्मर'च्या सेटवर हा पोऱ्या सांगकाम्या म्हणून लागला. दिग्दर्शक आर्थर रॉबिसन यांना पोटाचा त्रास होता. त्यांना वेळच्या वेळी औषधी पाण्याची बाटली नेऊन द्यायची, हे त्याचं काम. तिथून क्लॅपर बॉय (शॉटआधी पाटी वाजवणारा पोरगा), मग कॅमेरा सहायक, मग ऑपरेटर.

कलाटणी मिळाली ती १९३०च्या दशकाच्या मध्यावर. टेक्निकलर कंपनी इंग्लंडमध्ये पाय रोवत होती आणि एका ब्रिटिश कॅमेरामनला रंगीत छायालेखनाचं शिक्षण द्यायचं ठरलं होतं. मुलाखतीला एकाहून एक जाणकार आलेले, आणि कंपनीचे लोक तांत्रिक प्रश्न विचारत होते. कार्डिफने सरळ सांगितलं की गणित आणि तंत्र यात मला गती नाही. मग काय येतं? तर चित्रं पाहता येतात. कुठल्या चित्रकाराने चेहऱ्यावर कुठून उजेड घेतला, सावली कशी सोडली, हे तो सांगत गेला. रेम्ब्रांटबद्दल बोलला. निवड त्याचीच झाली.

पुढचं सगळ्यांना साधारण माहीत असेल. 'अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ' (१९४६), 'ब्लॅक नार्सिसस' (१९४७), 'द रेड शूज' (१९४८). मायकल पॉवेल आणि एमेरिक प्रेसबर्गर या ब्रिटिश दिग्दर्शक जोडीसाठी लागोपाठ केलेले हे तीन चित्रपट. त्यांतल्या 'ब्लॅक नार्सिसस'ला रंगीत छायालेखनाचं ऑस्कर.

माझं म्हणणं असं की त्याच्या कामाचं मूळ केवळ चित्रांच्या दालनांत नाही. ते विंगेत आणि मूकपटांच्या सेटवर गेलेल्या बालपणातही आहे. यावर तुम्हा सगळ्यांची मतं वाचायला आवडतील.

रानवारा

रुमाल टाकून ठेवते. रात्री निवांत लिहीन. 'विंग'वाल्या मुद्द्याशी भांडायचं आहे.

तिसरी_घंटा

लेख आवडला. मी हौशी नाटकांची प्रकाशयोजना करतो, त्यामुळे विंगेचा मुद्दा मला लगेच पटला. प्रेक्षकाला रंगमंच समोरून दिसतो, उजेडाने भरलेला. विंगेत उभ्या असलेल्या पोराला तो बाजूने दिसतो. नटाच्या गालाची एक कड उजळलेली, दुसरी बाजू पूर्ण काळी, आणि मध्ये स्पॉटचा झोत हवेतल्या धुळीत सरळ आखलेला. उजेड 'येतो कुठून' हे तिथे आपोआप कळतं.

दुसरं असं की नटाला 'लाइट घेता' यावा लागतो. अंधारातून नेमक्या जागी येऊन, हनुवटी किंचित वर करून उभं राहायचं. ज्याने लहानपणी हे स्वतः केलं, त्याला पुढे दुसऱ्याच्या चेहऱ्यावर उजेड टाकताना ती जागा आतून माहीत असते.

यंत्रवेडा

टेक्निकलरच्या कॅमेऱ्याबद्दल थोडं लिहितो. ते समजल्याशिवाय कार्डिफने काय केलं याचा अंदाज येत नाही.

या कॅमेऱ्यात एकाच वेळी कृष्णधवल फिल्मच्या तीन पट्ट्या धावायच्या. भिंगातून आलेला प्रकाश आत एका प्रिझमवर पडायचा. काही भाग सरळ जाऊन एका पट्टीवर हिरव्या रंगाची नोंद करायचा. उरलेला बाजूला वळून एकमेकींना चिकटून धावणाऱ्या दोन पट्ट्यांवर जायचा, तिथे निळा आणि लाल. मग प्रयोगशाळेत या तीन निगेटिव्हांवरून तीन साचे बनवायचे, ते पिवळ्या, किरमिजी आणि निळसर रंगद्रव्यात भिजवायचे आणि एकाच कोऱ्या फिल्मवर एकामागून एक छापायचे. म्हणजे प्रत्यक्ष रंगांची छपाईच.

प्रकाश असा वाटला गेल्यामुळे सेटवर प्रचंड उजेड लागायचा. कार्बन आर्कचे भलेमोठे दिवे, भट्टीसारखी उष्णता. कॅमेरा अवजड, त्यावर आवाज बंद ठेवायचं आवरण घातलं की तो हलवायला माणसं लागायची. शिवाय कॅमेरा विकत मिळत नसे. तो टेक्निकलरकडून भाड्याने घ्यायचा, सोबत त्यांचा तंत्रज्ञ आणि त्यांचा रंगसल्लागारही घ्यायचा. कंपनीचा आग्रह एकच, सगळं स्वच्छ, भरपूर उजळ आणि रंग व्यवस्थित ओळखू येतील असं दिसलं पाहिजे.

या कॅमेऱ्यातून सावल्यांची चित्रं काढायची म्हणजे कंपनीच्या धोरणाशी रोजचा झगडा. कार्डिफने तो निभावला.

केतकी_व

वाखूसा (वाचनखूण साठवली). यंत्रवेडा, फार छान समजावलंत.

अवांतर : प्रभातने 'सैरंध्री'साठी १९३३ मध्ये रंगाचा खटाटोप केला होता, प्रती जर्मनीत छापून आणल्या होत्या आणि रंग मनासारखे उतरले नव्हते. कार्डिफच्या मुलाखतीच्याही आधीची ही गोष्ट. शांतारामबापूंच्या धाडसाची आठवण या धाग्यावर राहावी म्हणून लिहिलं.

यंत्रवेडा

केतकीताई, अवांतराला अवांतर जोडतो. कार्डिफ ज्या पहिल्या ब्रिटिश टेक्निकलर चित्रपटावर ऑपरेटर होता, 'विंग्ज ऑफ द मॉर्निंग' (१९३७), त्याचे मुख्य छायालेखक अमेरिकेहून आलेले रे रेनहॅन. याच रेनहॅनना पुढे 'गॉन विथ द विंड'साठी अर्नेस्ट हॅलर यांच्याबरोबर ऑस्कर मिळालं. आणि हॅलर कोण? सोहराब मोदींच्या 'झाँसी की रानी'चं (१९५३) टेक्निकलर छायालेखन करणारे. धागे असे जुळतात!

रानवारा

आले. पाणवठा, लेखाचा अभ्यास दिसतो, पण निष्कर्ष मला ओढूनताणून काढल्यासारखा वाटतो. बालनट म्हणून त्याची कामं थोडी. ज्या वयात नट घडायला लागतो त्या वयात तो क्लॅपर हातात घेऊन उभा होता. आणि मुख्य म्हणजे तो स्वतः आयुष्यभर कुणाचं नाव घेत राहिला? रेम्ब्रांट, व्हर्मीर, कॅराव्हॅज्यो, टर्नर. आईवडिलांच्या दौऱ्यांत जिथे जाईल तिथली चित्रांची दालनं त्याने पाहिली. शाळा सुटली, त्याची भरपाई त्याने तिथे केली. हे पुरेसं नाही का? एखाद्याच्या बालपणात नंतरचं सगळं शोधायची आपल्याला फार हौस असते.

पाणवठा

रानवाराताई, चित्रांचा वाटा मी नाकारतच नाही. 'ब्लॅक नार्सिसस'मध्ये व्हर्मीरसारखा एका बाजूने येणारा साधा उजेड आहे, आणि सावल्यांत हिरवट छटा आहेत त्या व्हॅन गॉगच्या अभ्यासातून. हे त्यानेच सांगितलेलं आहे. पण चित्रातला माणूस हलत नाही. त्याला संवाद नसतात, आर्कच्या दिव्यांनी त्याचे डोळे चुरचुरत नाहीत.

'ब्लॅक नार्सिसस' ही हिमालयातल्या मठात आलेल्या ख्रिस्ती जोगिणींची गोष्ट. त्यातली सिस्टर रूथ झालेल्या कॅथलीन बायरनचं उदाहरण घ्या. एका प्रसंगात ती जोगिणीचा वेश टाकून लाल पोशाखात सिस्टर क्लोडा, म्हणजे डेबोरा कारसमोर बसते आणि सावकाश ओठांना लाल रंग लावते. दोघींमध्ये मेणबत्ती. क्लोडाचा चेहरा शांत उजेडात. रूथच्या डोळ्यांत मात्र एक ठिणगी पेटलेली आणि कपाळावर घामाची चमक. संवाद जवळजवळ नाहीच. बायरननेच पुढे म्हटलं होतं की तिच्या अभिनयातला अर्धा वाटा कार्डिफच्या प्रकाशाचा होता. एखादी नटी कॅमेरामनबद्दल असं बोलते तेव्हा त्याने तिला नुसतं 'सुंदर' दाखवलेलं नसतं, तिच्या भूमिकेत हात घातलेला असतो. ही समज चित्रांच्या दालनातून येते यावर माझा विश्वास बसत नाही.

रानवारा

बायरनचा मुद्दा चांगला आहे. मान्य करत नाही, पण विचार करते.

केतकी_व

मला 'ब्लॅक नार्सिसस'बद्दल वेगळंच खटकतं. हिमालयातली, दार्जिलिंगकडची कथा आणि चित्रीकरण सगळं इंग्लंडात! पाइनवुड स्टुडिओ आणि ससेक्समधली लिओनार्ड्सली नावाची बाग. डोंगर म्हणजे काचेवर रंगवलेली चित्रं आणि मोठ्या केलेल्या कृष्णधवल फोटोंवर रंगीत खडूंनी केलेलं काम. जीन सिमन्स या इंग्लिश नटीला सावळा रंग फासून कांची नावाची तिथली मुलगी केलं. १९४७ च्या मे महिन्यात चित्रपट इंग्लंडात लागला, म्हणजे आपलं स्वातंत्र्य तीन महिन्यांवर. 'तिकडे गेलं की गोऱ्या माणसाचं डोकं फिरतं' हा सूर मला पाहताना टोचत राहतो. छायालेखन कितीही सुंदर असलं तरी ते कशाच्या सेवेला लावलं होतं, हे विचारायला नको का?

तिसरी_घंटा

विचारायलाच हवं. मला मात्र तो चित्रपट हिंदुस्थानाबद्दल वाटतच नाही. त्या जोगिणींच्या मनात जो हिमालय आहे तो खडूनेच काढायला हवा होता. पण कांचीचं पात्र, तिथे तुमच्याशी शंभर टक्के सहमत. त्याचं समर्थन होत नाही.

पाणवठा

केतकीताई, तुमचा आक्षेप रास्त आहे. त्यात भर घालणाऱ्या दोन गोष्टी.

एक, कार्डिफने खरा हिंदुस्थान पाहिला होता. १९३८च्या सुमाराला 'वर्ल्ड विंडोज' नावाच्या टेक्निकलर प्रवासपटांच्या मालिकेसाठी तो अवजड कॅमेरा घेऊन इथे आला होता. दिल्लीवर, इथल्या मंदिरांवर लघुपट केले. तेव्हा इथलं ऊन, इथली धूळ आणि रंग हे त्याला ठाऊक होतं. तरीही 'ब्लॅक नार्सिसस'मध्ये त्याने ते ऊन आणलं नाही. आर्कच्या दिव्यांनी वेगळंच ऊन बनवलं. हा अज्ञानाचा परिणाम नव्हता, तो आणि पॉवेल दोघांनी जाणूनबुजून घेतलेला निर्णय होता. तुमचा प्रश्न त्यामुळे सुटत नाही, उलट जास्त टोकदार होतो.

दुसरी गोष्ट साबूची. त्या चित्रपटात तरुण राजकुमार झालेला साबू म्हणजे म्हैसूर संस्थानातला माहुताचा पोर. १९३७च्या 'एलिफंट बॉय'मध्ये तो झळकला आणि एका झटक्यात जगभर पोचला. 'ब्लॅक नार्सिसस'च्या सेटवर म्हणजे दोन माजी बालनट होते, एक कॅमेऱ्यासमोर आणि एक कॅमेऱ्यामागे. साबू बाविशीचा, कार्डिफ बत्तिशीचा. साबूकडे नाव होतं, चेहरा होता, युद्धात विमानाचा तोफची म्हणून केलेली कामगिरी होती. पण त्याला मिळणाऱ्या भूमिका फेटा आणि हत्ती यांच्या पलीकडे फारशा गेल्या नाहीत. १९६३ मध्ये, चाळिशीही गाठायच्या आत, हृदयविकाराने गेला. कार्डिफला कॅमेऱ्यामागे कुणी वंश विचारला नाही, आणि वाढत्या वयाने त्याचं काही बिघडवलं नाही. बालनटांच्या पुढच्या आयुष्याबद्दल बोलताना ही तफावत विसरून चालणार नाही.

आडवाट

साबूबद्दलचा परिच्छेद वाचून थांबलो. या दृष्टीने कधी पाहिलं नव्हतं. धन्यवाद.

केतकी_व

पाणवठा, हे लिहिलंत ते बरं केलंत. साबूवर स्वतंत्र धागा काढा.

रानवारा

आता माझा आवडता किस्सा. 'अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ'मध्ये विमानातून पडलेला वैमानिक समुद्रकिनाऱ्यावर जागा होतो. आपण मेलो, हा स्वर्ग आहे, अशी त्याची समजूत. पॉवेलला त्या दृश्याची सुरुवात नेहमीच्या 'फेड इन'ने (काळ्या पडद्यातून चित्र हळूहळू उजळत आणणं) नको होती, काहीतरी वेगळं हवं होतं. कार्डिफ म्हणाला, भिंगातून बघा. पॉवेल बघू लागला, तसा कार्डिफ पुढे गेला आणि भिंगावर तोंडाने वाफ सोडली. समोर पांढरं धुकं. दोन-चार क्षणांत काच निवळत गेली आणि किनारा दिसू लागला. तेच चित्रपटात ठेवलं.

त्याच चित्रपटात पृथ्वी रंगीत आहे आणि परलोक कृष्णधवल. कार्डिफची अपेक्षा उलटी होती. पण सगळे तेच अपेक्षित धरतील म्हणून पॉवेलने फिरवलं. एका जगातून दुसऱ्यात जाताना रंग हळूहळू चढतो-उतरतो, ते पाहताना मी आजही श्वास धरते.

आणि हो, 'विंगेत वाढलेला मुलगा' ही कल्पना मला या वाफेच्या किस्स्यात जास्त दिसते. समोर प्रेक्षक बसलाय आणि पडदा वर जायला वेळ आहे, तेव्हा हाताशी असेल त्यातून काम भागवायचं, हा रंगभूमीचा गुण. तेवढं तुमचं ऐकते.

तिसरी_घंटा

ताई, आता जमलं! 😀

ही हिकमत 'द रेड शूज'मध्येही आहे. गंमत म्हणजे कार्डिफला बॅले मुळीच आवडत नव्हता. पॉवेलने त्याला प्रयोगांना पिटाळलं, आणि रोज बघून बघून तो त्याचा भक्त झाला. मधला बॅले सुमारे १७ मिनिटांचा आहे. नर्तक उडी घेतो तेव्हा उडीच्या टोकाला कार्डिफ कॅमेऱ्याचा वेग वाढवायचा. त्यामुळे पडद्यावर तो क्षण लांबतो आणि नर्तक हवेत तरंगल्यासारखा थांबतो, मग पुन्हा नेहमीच्या गतीने खाली. कुठेही कट नाही, आणि मंदगती वापरली हेही जाणवत नाही. त्या वर्षी या चित्रपटाला कलादिग्दर्शन आणि संगीत यांसाठी ऑस्कर मिळाली, छायालेखनाला साधं नामांकनही नाही. याचं मला मनापासून वाईट वाटतं.

यंत्रवेडा

त्या काळच्या स्टुडिओतल्या गोष्टी झाल्या, आता बाहेरच्या. 'वेस्टर्न अप्रोचेस' (१९४४) हा युद्धकाळातला चित्रपट. बुडालेल्या जहाजाचे खलाशी लाइफबोटीत अडकलेले, आणि कामं करणारे नट नाहीत, खरे खलाशी. वर सांगितलेला तो अवजड तीनपट्टी कॅमेरा खऱ्या समुद्रात, हेलकावणाऱ्या बोटीत. क्षितिज जागेवर राहत नाही, ऊन-ढग सारखे बदलतात, भिंगावर खारं पाणी उडतं. तरीही रंगांचा मेळ शॉटागणिक बसलेला आहे.

मग 'द आफ्रिकन क्वीन' (१९५१). बेल्जियन काँगो आणि युगांडाच्या जंगलात तराफ्यावर कॅमेरा. जवळजवळ सगळं युनिट आजारी पडलं. दिग्दर्शक जॉन ह्यूस्टन आणि हम्फ्री बोगार्ट तेवढे धडधाकट राहिले. ते पाण्याऐवजी व्हिस्कीवर होते, असं सगळे सांगतात.

आडवाट

एक प्रश्न. इतका मोठा कॅमेरामन पुढे दिग्दर्शक झाला होता ना? मग परत कॅमेऱ्याकडे का आला?

पाणवठा

आडवाट, चांगला प्रश्न. दिग्दर्शनाची ओढ जुनी होती. १९५३ मध्ये एरॉल फ्लिनला घेऊन 'विल्यम टेल' सुरू केला, इटलीत सेट उभा राहिला आणि पैसा संपला. चित्रपट कधीच पुरा झाला नाही. १९६० मध्ये 'सन्स अँड लव्हर्स' आला. त्याला सात ऑस्कर नामांकनं, त्यांत कार्डिफचं दिग्दर्शनासाठीचं. ऑस्कर मिळालं ते एकच, छायालेखनाचं, फ्रेडी फ्रान्सिसला. इतका मोठा छायालेखक असून त्याने स्वतःच्या चित्रपटात दुसऱ्याला मोकळीक दिली, आणि कृष्णधवलात. मला यात त्याचा मोठेपणा दिसतो.

त्यानंतरचे चित्रपट कमी-जास्त दर्जाचे. १९७०च्या आसपास ब्रिटिश चित्रपटांतला अमेरिकन पैसा आटला आणि दिग्दर्शनाची कामं मिळेनाशी झाली. मग तो कॅमेऱ्याकडे परतला. 'डेथ ऑन द नाइल' (१९७८) त्याचा, आणि सत्तरीत पोचल्यावर 'रॅम्बो'चा दुसरा भागही (१९८५) त्याचाच! काही लोक याला घसरण म्हणतात. मी म्हणणार नाही. ज्याला काम करायचं आहे तो येईल त्या कामात जीव ओततो. २००१ मध्ये, वयाच्या ८६ व्या वर्षी, त्याला सन्मानार्थ ऑस्कर देण्यात आलं. २००९ मध्ये गेला. पहिल्या मूकपटापासून धरलं तर नव्वद वर्षांचा काळ होतो.

रानवारा

'रॅम्बो'बद्दल असहमत. तिथे त्याचा हात मला ओळखूच येत नाही. पण काम हवं होतं, केलं, यात कमीपणा नाही हे मान्य.

आणखी एक, त्याची पॉवेलशी गाठ कशी पडली ते राहिलं. पॉवेलच्याच 'कर्नल ब्लिंप' या चित्रपटाच्या वेळी (१९४३) कार्डिफ दुय्यम युनिटवर होता. भिंतीवर टांगलेल्या शिकारीच्या मुंडक्यांवर दिवे लावत होता. कुणीही हात झटकून उरकेल असं काम. पॉवेल मागे येऊन उभा राहिला, बघितलं आणि विचारलं, माझा पुढचा चित्रपट करशील का? भिंतीवरच्या मेलेल्या सांबराला नीट उजेड देणाऱ्या माणसाला त्याने असं हेरलं.

आडवाट

फार सुंदर धागा. मी यातलं काहीच पाहिलेलं नाही. सुरुवात कुठून करू?

पाणवठा

'ब्लॅक नार्सिसस'पासून. पण मोबाइलवर नको आणि जुन्या फिकट प्रतीवर तर नकोच. जीर्णोद्धार केलेली प्रत शोधा आणि खोलीत अंधार करून मोठ्या पडद्यावर पाहा. शेवटचा घंटेचा प्रसंग येईल तेव्हा पहाटेच्या उजेडाकडे लक्ष द्या. तिथे कार्डिफने धुक्याचा फिल्टर वापरला. टेक्निकलरच्या लोकांना तो पसंत नव्हता, पॉवेल पाठीशी राहिला. मग 'अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ'.

यंत्रवेडा

मी उलट क्रम सुचवेन. आधी 'वेस्टर्न अप्रोचेस'. हा माणूस दिवे नसताना काय करू शकतो ते आधी बघा, मग स्टुडिओत शिरा.

केतकी_व

आणि 'ब्लॅक नार्सिसस' बघून झाला की इथे येऊन कांचीबद्दल काय वाटलं ते नक्की लिहा. मी वाट बघतेय.